रुआन लिंग्यू

रुआन लिंग्यू (२६ एप्रिल १९१० – ८ मार्च १९३५). चिनी मूकपटांतील श्रेष्ठ अभिनेत्री. जन्म शांघायमध्ये, मूळच्या ग्वांगडोंग प्रांतातील कष्टकरी कुटुंबात. वडील लवकर वारले; आईने धनिकांच्या घरी मोलकरीण म्हणून राबून त्यांना शिकवले.

१९२६ मध्ये त्या मिंगशिंग चित्रपटसंस्थेत दाखल झाल्या. पुढच्या वर्षी बू वानत्सांग यांच्या दिग्दर्शनाखाली त्यांचा पहिला चित्रपट आला. मात्र खरा वाव मिळाला तो १९३० पासून, नव्याने निघालेल्या लिआनहुआ संस्थेत. सून यू यांच्या एका मूकपटात त्या फूलविकी मुलगी झाल्या. त्यातले गाणे त्यांनी व नायक चिन येन यांनी तबकडीसाठी गायले होते. सून यू यांच्याच १९३३ च्या चित्रपटात त्यांनी युद्धात सर्वस्व गमावलेली खेळणी बनवणारी बाई उभी केली. तिची तरुण मुलगी झालेल्या ली लीली प्रत्यक्षात त्यांच्याहून फक्त पाच वर्षांनी लहान होत्या!

वू योंगगांग यांचा पहिला चित्रपट ‘शन्न्यू’ (१९३४) हे रुआन यांचे सर्वोत्तम काम. या शब्दाचा अर्थ देवी. तत्कालीन बोलीत वेश्याही. नायिकेला नावच नाही. रात्री ती रस्त्यावर उभी राहते, दिवसा तान्ह्याला खेळवते. पुढे मुलगा शाळेत जातो. तिथल्या कार्यक्रमात तो गातो तेव्हा आईचा चेहरा अभिमानाने उजळतो आणि त्याच वेळी मागे बसलेल्या बायकांत कुजबुज सुरू होते. रुआन इथे काहीच ‘करून दाखवत’ नाहीत, फक्त ऐकतात. मूकपटांत ढोबळ हातवाऱ्यांची सवय असलेल्या प्रेक्षकाला हा संयम आजही थक्क करतो. शेवटी पैसे लुबाडणाऱ्या गुंडाचा तिच्या हातून खून होतो. तुरुंगातून ती मुख्याध्यापकांना एवढेच विनवते, की आई मेली असे मुलाला सांगा.

रुआन नायिका असलेल्या, त्साय चुशंग यांच्या १९३५ च्या चित्रपटाला आय श्या या अभिनेत्रीच्या आत्महत्येची पार्श्वभूमी होती. त्यात वार्ताहरांचे कठोर चित्रण झाल्याने पत्रकारांनी निषेध केला, काटछाट करायला लावली. त्याच सुमारास पूर्वीचा जोडीदार चांग तामिन याने रुआन यांना कोर्टात खेचले आणि वर्तमानपत्रांनी त्यांच्या खासगी आयुष्याच्या चिंध्या केल्या. ८ मार्च रोजी, वयाच्या चोविसाव्या वर्षी, त्यांनी आत्महत्या केली. अंत्ययात्रेला शांघायचे रस्ते माणसांनी भरून गेले. त्यांच्या नावे छापलेल्या पत्रातील ‘लोकापवाद भयंकर’ हे शब्द घेऊन थोर चिनी लेखक लू शून यांनी वृत्तपत्रांवर जळजळीत लेख लिहिला. ते पत्र अस्सल की बनावट, हा वाद आजही आहे.

त्यांच्या मृत्यूची कहाणी इतकी सांगितली गेली, की काम मागे पडले. त्यातच बरेचसे मूकपट नष्ट झाले. बू वानत्सांग यांच्या १९३१ च्या एका चित्रपटात त्यांनी आई आणि तिची वयात आलेली मुलगी अशा दोन्ही भूमिका केल्या होत्या. तो कायमचा हरवला असे मानले जाई. १९९० च्या दशकात त्याची प्रत सापडली, तीही दक्षिण अमेरिकेतील उरुग्वेत.