एब पोलिन

एब पोलिन (३ डिसेंबर १९२३ – २४ नोव्हेंबर २००९) हे अमेरिकेची राजधानी वॉशिंग्टनच्या परिसरात दोन भव्य बंदिस्त क्रीडागृहे उभारणारे बांधकाम व्यावसायिक, संघमालक आणि दानशूर गृहस्थ. क्रीडागृह म्हटले, तरी तिथे सामन्यांच्या जोडीने गाण्याच्या मैफली आणि सर्कशीही होत.

त्यांचा जन्म फिलाडेल्फियाचा. रशियातून आलेले त्यांचे ज्यू कुटुंब पुढे वॉशिंग्टनला आले आणि घरच्याच बांधकाम व्यवसायात ते शिकले. १९४५ मध्ये जॉर्ज वॉशिंग्टन विद्यापीठाची पदवी घेतली, त्याच वर्षी आयरीन यांच्याशी विवाह झाला. जन्मजात हृदयदोषाने या दांपत्याची दोन मुले हिरावली. धाकट्या वयात मुलगा गेला. १९६३ मध्ये मुलगी लिंडा सोळाव्या वर्षी गेली. पोलिन यांचे कामावरून मनच उडाले. त्यातून सावरल्यावर त्यांनी शहराच्या आग्नेय भागात, गरीब वस्तीत, लिंडाच्या नावाने कमी भाड्याची घरे बांधली. पोलिन यांच्या दातृत्वाचे मूळ इथे शोधावे लागते.

१९६४ मध्ये भागीदारांसह त्यांनी बाल्टिमोरचा ‘बुलेट्स’ हा बास्केटबॉल संघ घेतला आणि १९७३ मध्ये तो वॉशिंग्टनजवळ मेरिलँडमधील लँडोव्हरला आणला. तिथले कॅपिटल सेंटर २ डिसेंबर १९७३ रोजी सुरू झाले. घोड्याच्या खोगिरासारखे वाकलेले छत लांबूनही ओळखू येई. आत मैदानाच्या मधोमध वर टांगलेला चारही बाजूंचा व्हिडिओ पडदा होता, त्यामुळे सर्वांत मागच्या रांगेतल्या प्रेक्षकालाही नुकताच झालेला गोल पुन्हा दिसे. शिवाय कंपन्यांना भाड्याने देण्याचे खासगी कक्ष. आज जगभर रुळलेल्या या दोन्ही सोयी तेव्हा नवलाच्या होत्या. १९७४ मध्ये त्यांचाच ‘कॅपिटल्स’ हा आइस हॉकी संघ तिथे उतरला. पहिल्या हंगामात त्याने ८० पैकी अवघे ८ सामने जिंकले. बुलेट्सने मात्र १९७८ चे राष्ट्रीय अजिंक्यपद आणले.

या क्रीडागृहापासून जवळच सीट प्लेझंट नावाचे गाव आहे. १९८८ मध्ये पोलिन आणि उद्योजक मेल्विन कोहेन यांनी तिथल्या प्राथमिक शाळेतल्या पाचवीच्या ५९ मुलांना वचन दिले : शाळा पुरी करा, कॉलेजचा खर्च आम्ही उचलू. नुसते पैसे ठेवून भागणार नव्हते, म्हणून मुलांच्या घरी जाणारा, शाळेत चौकशी करणारा माणूसही नेमला. काही मुले पदवीधर झाली, काहींची वाट मध्येच सुटली. तरी हे काम धनादेश देऊन मोकळे होण्यापेक्षा फार मोठे होते, असेच म्हणावे लागेल.

नोव्हेंबर १९९५ मध्ये पोलिन यांचे स्नेही, इस्रायलचे पंतप्रधान यित्झाक राबिन यांची गोळ्या झाडून हत्या झाली. वॉशिंग्टनमध्येही तेव्हा बंदुकीने रोज माणसे मरत होती. ‘बुलेट्स’ म्हणजे गोळ्या, हे नाव आपल्या संघाला नको, असे त्यांनी ठरवले आणि १९९७ मध्ये संघ ‘विझर्ड्स’ झाला.

त्याच वर्षी त्यांनी संघ उपनगरातून शहराच्या ओसाड पडलेल्या मध्यभागी आणला. चायनाटाउनमधील मेट्रो स्थानकाच्या डोक्यावरच सुमारे २२ कोटी डॉलर खर्चून, खासगी पैशाने उभारलेले एमसीआय सेंटर २ डिसेंबर १९९७ रोजी, जुन्या क्रीडागृहाच्या वाढदिवशीच उघडले. आसपास हॉटेले, दुकाने आली, संध्याकाळी रस्ते गजबजू लागले. पण भाडीही चढली आणि जुनी चिनी कुटुंबे व त्यांची दुकाने हळूहळू हटली. ही बाजू नोंदवल्याशिवाय पोलिन यांच्या कामाचे मोल पुरे होत नाही.

कॅपिटल्स संघ त्यांनी १९९९ मध्ये विकला. २००३ मध्ये विख्यात बास्केटबॉलपटू मायकेल जॉर्डनला विझर्ड्समधून दूर केल्याबद्दल त्यांच्यावर बरीच टीका झाली. मृत्यूनंतर कुटुंबाने विझर्ड्स आणि क्रीडागृह उद्योजक टेड लिऑन्सिस यांच्या समूहाला विकले. इमारतीचे नाव पुढे कॅपिटल वन अरीना झाले. तिच्यासमोरील एफ स्ट्रीटच्या तुकड्यावर मात्र २००७ पासून ‘एब पोलिन वे’ ही पाटी आहे.