इतिहास कुणाच्या घरातून पाहायचा? पडद्यावरच्या राष्ट्रकथांची पार्श्वभूमी

देशाचा इतिहास पडद्यासाठी लिहायला बसलेल्या पटकथाकाराला पहिली अडचण येते ती संवादांची. दफ्तरांत तह सापडतात, तारखा सापडतात, मेलेल्यांचे आकडे सापडतात. पण तहावर सही होण्याच्या आदल्या रात्री कोण कुणाला काय म्हणाले, हे बहुधा कुठेच लिहिलेले नसते. इतिहासकाराला तिथे थांबता येते. पटकथाकाराला मात्र त्या खोलीत माणसे बसवून त्यांना बोलते करावे लागते.

त्याच्याही आधी एक निर्णय झालेला असतो, आणि माझ्या मते सगळ्यात मोठा तोच: ही गोष्ट कुणाच्या घरातून सांगायची? इतिहासपटांवरून गेल्या शतकभरात जे मोठे वाद झाले, ते तारखांच्या चुकांवरून फारसे झाले नाहीत. ज्यांना त्या घरात जागाच मिळाली नाही, त्यांनी ते उभे केले.

याचे सगळ्यात भयंकर उदाहरण अगदी सुरुवातीलाच सापडते. 1915 मध्ये अमेरिकेत डी. डब्ल्यू. ग्रिफिथचा ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ आला. यादवी युद्ध आणि त्यानंतरची पुनर्बांधणी हा विषय, आधार थॉमस डिक्सनच्या एका कादंबरीचा. घर निवडले ते दक्षिणेतल्या गोऱ्या, गुलाम बाळगणाऱ्या कुटुंबाचे. तिथून पाहिल्यावर नुकतेच मुक्त झालेले काळे लोक हे संकट ठरले आणि कू क्लक्स क्लॅन या वर्णद्वेषी गोऱ्या संघटनेचे बुरखेधारी तारणहार. या मूकपटाच्या पाट्यांवर वुड्रो विल्सन यांच्या इतिहासग्रंथातली वाक्ये झळकत होती, आणि विल्सन त्या वेळी राष्ट्राध्यक्ष होते. म्हणजे एका जमातीविषयीच्या द्वेषाला इतिहासकाराची मोहोर मिळाली. काळ्या नागरिकांच्या संघटनेने शहरोशहरी निदर्शने केली, तरी चित्रपट चालतच राहिला. कधीच विरून गेलेली क्लॅन त्याच वर्षी पुन्हा उभी राहिली. पटकथेमुळे माणसे मरू शकतात, हे तेव्हाच कळायला हवे होते.

दहा वर्षांनी सोव्हिएत रशियात चित्र वेगळे होते. झारविरुद्धच्या 1905 च्या उठावाला वीस वर्षे होत होती आणि त्यानिमित्त सरकारला चित्रपट हवा होता. नीना अगाजानोवा यांनी लिहिलेल्या संहितेत त्या वर्षीच्या अनेक घटना होत्या, आणि पोटेमकिन या युद्धनौकेवरचे बंड हा त्यातला छोटासा तुकडा होता. सर्गेई आयझेनस्टाइनने तोच तुकडा उचलून त्याचा अख्खा चित्रपट केला. ओडेसाच्या पायऱ्यांवरून शिस्तीत उतरणारे सैनिक आणि घरंगळत जाणारी बाबागाडी आज जगभर ओळखीची आहे. त्या दिवसांत ओडेसा शहरात माणसे मारली गेली हे खरे, पण पायऱ्यांवरचे ते हत्याकांड जसे दिसते तसे घडलेले नाही. तरीही 1905 म्हटले की अनेकांना आठवतात त्या पायऱ्याच. इथे घर एका कुटुंबाचे नाही, जमावाचे आहे. नायक कोणीच नाही, कारण क्रांतीचा इतिहास असाच लिहिला जावा अशी त्या राज्याची इच्छा होती. पुढच्या ‘ऑक्टोबर’ या चित्रपटाच्या वेळी राजकारण बदलले होते, आणि क्रांतीचा नेता असूनही आता सत्तेबाहेर फेकल्या गेलेल्या ट्रॉट्स्कीची दृश्ये कापावी लागली.

पैसा कोणाचा आहे यावर कथनाचा कोन ठरतो, हे खरे. पण प्रत्येक वेळी पटकथाकार शरण जातोच असे नाही. ‘द बॅटल ऑफ अल्जीयर्स’ (1966) ची जुळणी पाहण्यासारखी आहे. अल्जीरियाच्या मुक्तिलढ्यातला एक नेता, सादी यासेफ, तुरुंगात लिहिलेल्या आठवणी घेऊन इटलीत आला. निर्मितीत तो होता, आणि जवळपास स्वतःचीच भूमिकाही त्याने केली. तरीही दिग्दर्शक जिलो पोंटेकोर्व्हो आणि पटकथाकार फ्रांको सोलिनास यांनी त्याच्या मूळ मसुद्यावर समाधान मानले नाही. त्यात विजेत्याचा अभिमान होता आणि समोरच्या बाजूला माणूस नव्हता. सोलिनासने फ्रेंच बाजूला कर्नल मॅथ्यू आणला. या नावाचा अधिकारी प्रत्यक्षात नव्हता, अनेक फ्रेंच अधिकाऱ्यांचे गुण एकत्र करून तो घडवला होता. बुद्धिमान, शिस्तप्रिय आणि कैद्यांच्या छळाचे शांतपणे समर्थन करणारा हा माणूस समोर आल्यामुळे वसाहतवाद ही कुणा दुष्टाची लहर न राहता एक व्यवस्था म्हणून दिसतो. चित्रपट बातमीपटासारखा भासतो, पण त्यात बातमीपटाची एकही फूट नाही. फ्रान्समध्ये तो कित्येक वर्षे दाखवता आला नाही. अनेक खऱ्या व्यक्तींची मिळून एक व्यक्तिरेखा करणे हे इतिहासपटातले सगळ्यात उपयुक्त हत्यार आहे, आणि इतक्या प्रामाणिकपणे ते फार थोड्यांनी वापरले आहे.

दूरचित्रवाणीने या लेखनाला वेळ दिला. दोन-तीन तासांत एखादा लढा किंवा एखादा नेता मावतो. पिढ्या दाखवायच्या तर भाग लागतात. जानेवारी 1977 मध्ये अमेरिकेत ‘रूट्स’ सलग आठ रात्री दाखवली गेली. गॅम्बियातून पकडून नेलेल्या कुंटा किंटेपासून सुरू होणारी ही कथा गुलाम कुटुंबाच्या आतून सांगितलेली होती. ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ला मिळालेले उत्तरच म्हणा, पण त्याला बासष्ट वर्षे लागली. तिथेही तडजोड दिसते. मालिकेच्या लेखकांनी गुलामांच्या जहाजावर सदसद्विवेकाने पोळलेला एक गोरा कप्तान आणला. मालिकेचा आधार असलेल्या ॲलेक्स हेली यांच्या पुस्तकात त्याला असे स्थान नाही. गोऱ्या प्रेक्षकाला धरायला हात हवा, हा त्यामागचा हिशेब. पुढे हेली यांनी मांडलेल्या वंशावळीवर इतिहासकारांनी प्रश्न उभे केले, वाङ्मयचौर्याचा एक खटलाही पैसे देऊन मिटवावा लागला. मालिकेने अमेरिकेला जे पाहायला लावले, ते मात्र कोणाला पुसता आले नाही.

त्यानंतर पुढच्याच वर्षी, 1978 मध्ये जेराल्ड ग्रीन यांनी लिहिलेली ‘होलोकॉस्ट’ ही नाझींनी केलेल्या ज्यूंच्या संहारावरची मालिका आली. एक काल्पनिक ज्यू कुटुंब आणि पायरी-पायरीने खुनी होत जाणारा एक जर्मन वकील, अशी तिची बांधणी होती. छळछावण्यांतून वाचलेल्या एली विझेल यांनी तिच्यावर कडक टीका केली. इतक्या मोठ्या यातनेची जाहिरातींच्या मधली मालिका व्हावी, हे त्यांना सहन होण्यासारखे नव्हते. पण जानेवारी 1979 मध्ये ती पश्चिम जर्मनीत दाखवली गेली, तेव्हा कोट्यवधी लोकांनी पाहिली. प्रत्येक भागानंतर स्टुडिओत इतिहासकार बसत आणि प्रेक्षकांचे फोन घेत. फोन हजारोंनी आले. खुनाच्या गुन्ह्यांवर खटला भरण्याची मुदत संपवू नये, यावर तेव्हा जर्मन संसदेत चर्चा चालू होती. जुलैमध्ये ती मुदत कायमची रद्द झाली. निर्णय एकट्या मालिकेमुळे झाला असे म्हणणे चुकीचे ठरेल, पण त्या चर्चेचे वातावरण तिने बदलले.

एडगर राइट्स या जर्मन दिग्दर्शकाला मात्र आपला इतिहास परक्यांनी आपल्या हातून काढून घेतला असे वाटले. त्याचे उत्तर म्हणजे 1984 ची ‘हाइमाट’: पंधरा तासांहून मोठी, एका काल्पनिक खेड्याची, 1919 पासूनची कहाणी. रस्ता येतो, टेलिफोन येतो, हिटलर येतो, मुले युद्धावर जातात. खेड्याच्या अंगणातून जर्मनीचे शतक इतके जिवंत क्वचितच दिसले असेल. आणि त्या अंगणातून छळछावण्या जवळजवळ दिसतच नाहीत. टीकाकारांनी नेमके यावरच बोट ठेवले, आणि मला ते पटते. ज्या घरातून पाहायचे त्या घराच्या खिडक्या कुठे उघडतात, याची जबाबदारी लेखकाचीच असते.

भारतात ही सगळी आव्हाने दूरदर्शनच्या काही वर्षांत एकत्र आली. मनोहर श्याम जोशी यांनी ‘बुनियाद’मध्ये लाहोरच्या एका कुटुंबातून फाळणी सांगितली. जानेवारी 1988 मध्ये गोविंद निहलानींची ‘तमस’ आली, भीष्म साहनींच्या कादंबरीवरून. तिची सुरुवात नेत्यांच्या बैठकीत होत नाही. कातडी कमावणाऱ्या नथ्थूला कोणीतरी पैसे देऊन डुक्कर मारायला लावते, आणि त्या मेलेल्या जनावरावरून शहर पेटते. आपण कशाचे हत्यार झालो हे नथ्थूला सगळ्यात उशिरा कळते. फाळणीच्या दंगलींचे याहून नेमके प्रवेशद्वार भारतीय पडद्यावर मला दुसरे माहीत नाही. मालिका थांबवावी म्हणून लोक न्यायालयात गेले. मुंबई उच्च न्यायालयाच्या न्या. लेंटिन आणि न्या. सुजाता मनोहर यांनी ती पूर्ण पाहून परवानगी दिली. सर्वोच्च न्यायालयानेही याचिका फेटाळली. तिथे आधार घेतला गेला तो नागपूर उच्च न्यायालयात न्या. विवियन बोस यांनी पूर्वी घालून दिलेल्या निकषाचा: परिणाम जोखायचा तो विवेकी आणि खंबीर मनाच्या माणसाच्या मापाने, डळमळीत मनाच्या नव्हे.

त्याच वर्षी श्याम बेनेगलांची ‘भारत एक खोज’ सुरू झाली. त्रेपन्न भाग, आणि आधार नेहरूंनी अहमदनगरच्या किल्ल्यात कैदेत असताना लिहिलेल्या ग्रंथाचा. पाच हजार वर्षांचे एक घर कुठून आणायचे? शमा जैदी, अतुल तिवारी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी काढलेला मार्ग मला आजही विलक्षण वाटतो. रोशन सेठ यांचे नेहरू विचार मांडतात, ओम पुरींचा आवाज निवेदन करतो, आणि जिथे कागद मुके आहेत तिथे त्या-त्या काळातले किंवा त्या काळाविषयीचे साहित्य उभे राहते. संगम काळ ‘शिलप्पदिकारम्’मधून, पृथ्वीराज ‘रासो’मधून, अलाउद्दीन ‘पद्मावत’मधून. नवे संवाद रचून ते इतिहास म्हणून खपवण्याऐवजी लोकांनी स्वतःविषयी काय सांगितले ते दाखवायचे, आणि ते काव्य आहे हे झाकायचे नाही.

2014 मध्ये बेनेगल, जैदी आणि तिवारी ‘संविधान’कडे वळले, तेव्हा अडचण उलटी होती. राज्यसभा टीव्हीसाठीच्या या दहा भागांच्या मालिकेत शब्द शोधावे लागणार नव्हते. डिसेंबर 1946 ते जानेवारी 1950 मधल्या संविधान सभेतली भाषणे शब्दशः छापलेली होती, बारा खंडांत. सचिन खेडेकरांचे आंबेडकर जे बोलतात त्याचा पाया त्या नोंदींत आहे. काम उरले ते कापण्याचे: कोणत्या सदस्याचे तासाभराचे भाषण दोन मिनिटांवर आणायचे, कोणाची दुरुस्ती-सूचना वगळायची, सभागृहाबाहेर देशात चाललेली कत्तल किती आत येऊ द्यायची.