औंधचं ग्रामराज्य आणि साताऱ्याचं प्रतिसरकार: एका मातीतली दोन वेगळी राज्यं

क्रांतिदिन जवळ आला की आमच्या सांगली-साताऱ्याकडच्या भाषणांत एक वाक्य हमखास येतं: "देश स्वतंत्र व्हायच्या आधीच आपल्या जिल्ह्यात स्वराज्य आलं होतं." टाळ्या पडतात. पण कुठलं स्वराज्य म्हणता, असं विचारलं तर कुणी बेचाळीसच्या चळवळीतून प्रतिसरकार, म्हणजे इंग्रजांना समांतर राज्य, उभं करणाऱ्या क्रांतिसिंह नाना पाटलांचं नाव घेतं, कुणी रयतेच्या हाती सत्ता देणाऱ्या औंधच्या राजाचं. स्पर्धा परीक्षेची पोरं तर दोन्ही एकत्र कालवून "औंध संस्थानात प्रतिसरकार स्थापन झाले" असं लिहून मोकळी होतात.

घोळ होणं साहजिक आहे. दोन्ही गोष्टी जेमतेम पाच वर्षांच्या अंतरानं घडल्या, दोन्हींत गावाचा कारभार गावानं बघायचा असं ठरलं, आणि दोन्हींत गांधींचं नाव येतं. त्यात नकाशाची भर. तेव्हा सांगली नावाचा जिल्हाच नव्हता. वाळवा, तासगाव, शिराळा हे सगळं साताऱ्यात. १९४९ मध्ये दक्षिण सातारा वेगळा झाला आणि १९६० मध्ये त्याचं नाव सांगली पडलं. औंध संस्थान तर सलग नव्हतंच. औंध आजच्या खटाव तालुक्यात, आटपाडी माणदेशात, कुंडल कृष्णाकाठच्या पट्ट्यात आणि गुणदाळ पार विजापूरकडे. सगळी मिळून ७२ गावं, लोकसंख्या पाऊण लाखाच्या आसपास. यातलं कुंडल लक्षात ठेवा, कारण खरी गाठ तिथंच बसलेली आहे.

आधी औंध. राजे भवानराव पंतप्रतिनिधी म्हणजे सूर्यनमस्कारांचा प्रचार करणारे, स्वतः चित्रं काढणारे, औंधच्या डोंगरावर संग्रहालय उभारणारे गृहस्थ. लक्ष्मणराव किर्लोस्करांना कारखान्यासाठी कुंडलजवळच्या माळावर जागा दिली ती यांनीच, १९१० साली. दख्खनच्या संस्थानांमध्ये तेव्हा प्रजा परिषदांची चळवळ चालू होती. लोक जबाबदार राज्यपद्धती मागत होते आणि बहुतेक राजे टाळाटाळ करत होते. भवानरावांनी १९३८ च्या नोव्हेंबरात जाहीर केलं की मी सत्ता रयतेच्या हाती देतो. यामागे त्यांचे चिरंजीव बॅरिस्टर आप्पासाहेब पंत होते आणि मॉरिस फ्रीडमन नावाचा एक पोलिश इंजिनिअर होता, जो गांधींच्या नादी लागून स्वामी भारतानंद झाला होता. मंडळी गांधींकडे गेली. राज्यघटनेचा आराखडा गांधींच्या सल्ल्यानं तयार झाला आणि जानेवारी १९३९ मध्ये ती लागू झाली.

रचना अशी: गावानं पाच पंच निवडायचे, पंचांनी आपला अध्यक्ष निवडायचा, गावोगावच्या अध्यक्षांची तालुका पंचायत, आणि तालुक्यांमधून मध्यवर्ती विधिमंडळ. सत्ता खालून वर चढत जायची. राजानं स्वतःला रयतेचा पहिला सेवक मानायचं आणि खासगी खर्चाला मर्यादा घालून घ्यायची. आप्पासाहेबांनी निदान दहा वर्षं हे काम सोडून कुठं जायचं नाही, अशीही गांधींची अट होती.

कागदावर हे इतकं सुबक आहे की थोडा संशय यावा. एक तर सार्वभौम सत्ता भवानरावांकडे तरी कुठं होती? कोल्हापुरात ब्रिटिशांचा रेसिडेंट, म्हणजे संस्थानांवर देखरेख ठेवणारा अधिकारी, बसलेला होता. राजानं दिलं ते त्याच्या वाट्याचं, इंग्रजांच्या वाट्याचं नव्हे. दुसरं म्हणजे, जे दिलं जातं ते घ्यायला लोक तयार असावे लागतात. पिढ्यान्‌पिढ्या कचेरीसमोर हात जोडून उभ्या राहिलेल्या शेतकऱ्याला एका सकाळी "आता तूच कचेरी" असं सांगितलं तर तो आधी गावच्या पाटलाकडे बघणार. तरीही एका राजानं आपणहून सही करून गादीची ताकद कमी केली, याला तोड नाही. जवळपासच्या एकाही संस्थानिकानं एवढं केलं नव्हतं.

आता प्रतिसरकार. इथं सही नाही, घटना नाही, मुहूर्त नाही. ऑगस्ट १९४२ मध्ये मोठे नेते तुरुंगात गेले आणि सातारा जिल्ह्यात तालुक्याच्या कचेऱ्यांवर मोर्चे निघू लागले. मोर्चे निःशस्त्र होते, कचेरीवर तिरंगा लावायचा एवढाच बेत. ९ सप्टेंबरला वडूजला गोळीबार झाला, दुसऱ्या दिवशी इस्लामपूरला झाला. वडूजला परशुराम घार्गे पडले, इस्लामपूरला किर्लोस्करवाडीच्या कारखान्यातले तरुण इंजिनिअर उमाशंकर पंड्या पडले. त्यानंतर मोर्चे थांबले आणि माणसं भूमिगत झाली.

पुढं जे झालं ते आधी कुणी ठरवलेलं नव्हतं. भूमिगत गट तारा तोडत होते, रेल्वेवर हल्ले करत होते. ७ जून १९४३ ला शेणोलीजवळ पगाराची गाडी लुटली गेली. पोलीस या मंडळींच्या मागं लागले तसं गावाकडं त्यांचं लक्ष उरलं नाही आणि दरोडेखोरांचं फावलं. काहींनी तर चळवळीचंच नाव पुढं करून लुटायला सुरुवात केली. लोक भूमिगतांनाच विचारू लागले, इंग्रजाला हाकलताय ते ठीक, पण आमच्या गोठ्यातली बैलं कोण राखणार? प्रतिसरकारचा जन्म या प्रश्नातून झाला असं मला वाटतं. आधी दरोडेखोरांचा बंदोबस्त, मग भांडणांचे निवाडे, मग दारूबंदी, सावकारांना लगाम, वाचनालयं, कमी खर्चातली लग्नं. नाना पाटील, जी. डी. बापू लाड, नाथाजी लाड, नागनाथअण्णा नायकवडी, पांडू मास्तर, वाईकडे किसन वीर, अशी फळी उभी राहिली आणि तुफान सेना नावाचं स्वतःचं दलही झालं.

दोन्हींतला फरक बघायचा तर गुन्हेगाराचं काय करायचे ते बघावं. घटना आणि जाहीरनामे सगळ्यांचे गोडच असतात.

औंध संस्थानानं १९३९ मध्ये आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसवलं. कल्पना फ्रीडमनची. कैद्यांना तिथं भिंतीशिवाय ठेवायचं, जमीन द्यायची, शेती करू द्यायची. पळून जायचं ठरवलं तर अडवायला काहीच नाही, समोर फक्त माणदेशाचा मोकळा माळ. ही खुली वसाहत आजही आहे आणि कैदी तिथं कुटुंबासह राहतात. माणूस विश्वासानं सुधारतो, हा गांधीविचार एका दुष्काळी माळावर इतका थेट करून बघितलेला दुसरीकडं क्वचितच सापडेल.

आणि तिकडं प्रतिसरकारचं न्यायदान मंडळ बसायचं. बसायचं म्हणजे रात्री, गावाबाहेरच्या एखाद्या वस्तीवर, कंदिलाच्या उजेडात. वकील नाही, स्टॅम्प नाही, तारीख पे तारीख नाही. वादी आणि प्रतिवादी समोरासमोर, साक्षीला गाव. गहाण पडलेल्या जमिनीचा वाद असो, बांध कोरल्याची तक्रार असो की नवऱ्यानं टाकलेल्या बाईची फिर्याद, निकाल बहुधा लगेच. शेकडो मैल दूर नाही, महिन्यांनी नाही, आणि गावाला कळेल अशा भाषेत. सरकारी कोर्टात वर्षानुवर्षं खेटे घालणाऱ्या शेतकऱ्याला हे राज्य खरं वाटलं ते यामुळं.

पण निकाल न मानणाऱ्याला किंवा खबऱ्याला, गुंडाला, बायकांची छेड काढणाऱ्याला तळपायावर फटके बसायचे. लोकांनी या राजवटीला पत्री सरकार म्हटलं ते या शिक्षेवरून, असं सांगतात; पत्री म्हणजे जनावराच्या खुराला ठोकायचा पत्रा. आज व्यासपीठावरून हे सांगताना वक्ते हसतात, श्रोतेही हसतात. मला त्यात हसण्यासारखं फार काही दिसत नाही. ज्या राज्याकडे तुरुंग नाही, ज्याचे न्यायाधीशच फरारी आहेत, त्याच्याकडे दंड, बहिष्कार आणि मार याखेरीज साधनं तरी कोणती होती? हे समजून घेता येतं. पण चुकीच्या माणसाला फटके बसले तर त्यानं दाद कुठं मागायची, याचं उत्तर प्रतिसरकारकडे नव्हतं. औंधच्या पंचाला गाव पुढच्या निवडणुकीत घरी बसवू शकत होतं. भूमिगत नेत्याला बदलायची सोय नव्हती. त्याचा अधिकार लोकांच्या भरवशावर होता, मतांवर नव्हता. गावानं आसरा काढून घेतला असता तर ते राज्य एका रात्रीत संपलं असतं, आणि तीन वर्षं ते संपलं नाही, एवढीच त्याची मतपेटी.

विचारांची मुळंही निराळी. औंधच्या मागं गांधींचं ग्रामस्वराज्य आणि विश्वस्ताची कल्पना आहे: ज्याच्या हाती सत्ता आहे त्यानं ती सांभाळायला दिलेली ठेव समजावी. प्रतिसरकारच्या मागं सत्यशोधक चळवळीनं नांगरलेली जमीन आहे. सावकार, भट आणि सरकारी नोकर यांच्या युतीबद्दल साताऱ्याचा शेतकरी फुल्यांच्या काळापासून ऐकत आला होता. नाना पाटील स्वतः आधी तलाठी होते. नोकरी सोडून ते चळवळीत आले, ते सत्यशोधकांची भाषा घेऊनच. दप्तर शेतकऱ्याला कसं नाडतं हे त्यांना आतून माहीत होतं. त्यामुळं राजानं विश्वस्त व्हावं ही विनंती या लोकांच्या तोंडी येणं अवघडच.

गंमत म्हणजे त्या कमी खर्चातल्या लग्नांना ते "गांधी लग्न" म्हणायचे. आणि १९४४ मध्ये सुटून आल्यावर गांधींनी भूमिगतांना उघड व्हा म्हणून सांगितलं, तेव्हा साताऱ्यातल्या मुख्य मंडळींनी ते मानलं नाही. नाना पाटील १९४६ पर्यंत सापडले नाहीत.

आता कुंडल. जी. डी. बापूंचं हे गाव प्रतिसरकारच्या सर्वांत जोरदार गटाचं केंद्र होतं, आणि ते औंध संस्थानात होतं. संस्थानच्या हद्दीत ब्रिटिश पोलिसांना परस्पर शिरता येत नसे. औंधच्या दरबाराची सहानुभूती भूमिगतांकडे होती. म्हणजे बेकायदा राज्याला आडोसा मिळाला तो कायदेशीर ग्रामराज्याच्या हद्दीचा. पोरांच्या उत्तरातला घोळ इथून येतो आणि तो पूर्ण चुकीचाही म्हणता येत नाही. प्रतिसरकारचा एक मोठा तुकडा खरोखरच औंधच्या जमिनीवर चालला. फक्त औंधनं ते स्थापन केलं नव्हतं, आणि संस्थानाबाहेरच्या वाळवा, तासगाव, कराडकडच्या गावांशी राजाचा काही संबंध नव्हता.

दोन्हींचा शेवटही आपापल्या जन्मासारखा झाला. १९४६ मध्ये मुंबई प्रांतात काँग्रेसचं मंत्रिमंडळ आलं, वॉरंटं उठली, भूमिगत उजेडात आले आणि प्रतिसरकार आपोआप विरलं. ते मोडायला कुणाची सही लागली नाही. औंध ८ मार्च १९४८ ला विलीन झालं ते मात्र सही-शिक्क्यानिशी, आणि नऊ वर्षं चाललेली पंचायतींची ती रचनाही त्याबरोबर गेली. आप्पासाहेब त्याच वर्षी भारताचे प्रतिनिधी म्हणून नैरोबीला गेले. नाना पाटील १९५७ मध्ये साताऱ्यातून लोकसभेवर निवडून गेले.

आज आपल्या गावात जी ग्रामपंचायत आहे ती १९५८ च्या कायद्यातली, आणि तिच्यावरची जिल्हा परिषद १९६१ च्या. त्या वेळी मुख्यमंत्री होते ते देवराष्ट्र्याचे यशवंतराव चव्हाण, बेचाळीसमध्ये साताऱ्यातच भूमिगत राहिलेले. औंधची खालून वर चढणारी शिडी त्यांच्या कायद्यात नाही. जिल्हा परिषदेचा सदस्य लोक थेट निवडतात, सरपंच त्याला निवडत नाहीत.