मीटरला काय काय कळतं?

एका घरातल्या वीजवापराचा रात्रीचा आलेख डोळ्यांपुढे आणा. फ्रिज आपल्या लयीत चालू-बंद होतोय, रेषा शंभरेक वॅट चढते, उतरते. पावणेतीनला तिच्यावर दहा वॅटच्या दिव्याची बारीक पायरी उमटते आणि चार मिनिटांत पुसली जाते. चारला पुन्हा, पाचला पुन्हा. घरात कुणाला तरी रात्रीतून तीनदा उठावं लागतंय. त्या माणसाने हे कदाचित डॉक्टरांनाही सांगितलं नसेल.

घरात ना कॅमेरा, ना माइक. आहे तो फक्त स्मार्ट वीजमीटर, म्हणजे ठरावीक वेळाने वापराची नोंद घेऊन ती बाहेर पाठवणारा मीटर.

घराच्या एकूण वापरावरून कोणतं उपकरण कधी चाललं हे ओळखण्याचं तंत्र १९८०च्या दशकात अमेरिकेतल्या एमआयटीमध्ये जॉर्ज हार्ट यांनी विकसित केलं. गिझर लावला की रेषा दोनेक हजार वॅट सरळ वर जाते आणि सपाट राहते. मोटर मात्र सुरू होताना क्षणभर कितीतरी जास्त वीज ओढते, मग स्थिरावते. म्हणून तिथे टोक दिसतं. पायरीची उंची आणि तिचा आकार, एवढ्यावर उपकरण ओळखू येतं. यातून घरावर पाळत ठेवता येईल, हा इशाराही हार्ट यांनीच १९८९ मध्ये लेख लिहून दिला. आपल्याच शोधाबद्दल असं बोलणाऱ्या माणसाबद्दल मला मनापासून आदर वाटतो.

२०११ मध्ये जर्मनीतल्या म्युन्स्टरच्या संशोधकांनी तर टीव्हीवर कोणता चित्रपट चालू आहे हेही मीटरच्या नोंदींवरून ओळखता येतं, असं दाखवलं. अंधारं दृश्य आलं की पडद्यामागचा उजेड मंदावतो आणि वीज कमी लागते. त्यांचा मीटर दर २ सेकंदांनी नोंद घेत होता.

खरी मेख इथेच आहे. २ सेकंदांच्या हिशेबाने दिवसाच्या ४३,२०० नोंदी होतात, १५ मिनिटांच्या हिशेबाने ९६. त्या ९६ मध्ये पावणेतीनचा दिवा बुडून जातो, पण घर कधी रिकामं असतं आणि माणसं कधी उठतात हे तरीही दिसतंच. अमेरिकेतल्या नेपरव्हिल शहराच्या खटल्यात २०१८ मध्ये अपील न्यायालयाने १५ मिनिटांच्या नोंदींनाही घराची 'झडती' मानलं. मात्र शहराचा हेतू गुन्हे शोधण्याचा नसल्याने ती वाजवी ठरवली. नेदरलँड्सच्या वरिष्ठ सभागृहाने तर २००९ मध्येच स्मार्ट मीटरची सक्ती रोखली होती.

बिलासाठी महिन्याला एक बेरीज पुरते. वेळेनुसार दर बदलत असले, तरी तो गुणाकार मीटरच्या आतच करून बाहेर फक्त रक्कम पाठवता येते. नवा मीटर बसवायला कुणी आलं, तर दोनच गोष्टी विचारा: नोंद दर किती वेळाने बाहेर जाते, आणि ती किती दिवस जपून ठेवतात?