गेम मॉडिंग : प्रकाशकांचे नियम

व्हिडिओ गेममध्ये खेळाडू स्वतः जे बदल करतात त्यांना मॉड म्हणतात. असे बदल कुठवर चालतील, ते इतरांना कसे वाटावेत, त्यांवर पैसे घेता येतील का आणि तयार झालेली वस्तू कोणाची, हे ठरवण्यासाठी गेम कंपन्यांनी केलेले नियम हा या नोंदीचा विषय आहे. हे नियम बहुधा परवाना करारात असतात, म्हणजे गेम इन्स्टॉल करताना ज्यावर न वाचताच ‘मान्य’ म्हटले जाते त्या मजकुरात. काही कंपन्या मॉडविषयी वेगळे धोरण जाहीर करतात. पुष्कळशा कंपन्या गप्प राहतात आणि गरज भासली की वकिलाची नोटीस धाडतात. पात्राच्या नव्या कपड्यांपासून अख्ख्या नव्या नकाशापर्यंत काहीही मॉडमध्ये येते. आपल्याकडे मोबाइलवर ‘मॉड एपीके’ म्हणून फिरणाऱ्या फाइली मात्र बहुतांशी विकतचे ॲप फुकट चालावे म्हणून फोडलेल्या प्रती असतात. ती पायरसी झाली, आणि तिचा इथे विचार केलेला नाही.

गेमचा कोड, चित्रे, आवाज, पात्रे, कथानक या सगळ्यांवर कॉपीराइट असतो आणि त्यांचे रूपांतर करण्याचा अधिकारही मालकाकडेच असतो. म्हणून प्रकाशकाचे मॉडविषयक धोरण हे खेळाडूच्या हाती दिलेले हक्कपत्र क्वचितच असते. ‘तूर्त आम्ही खटला भरणार नाही’ एवढेच त्याचे स्वरूप असते आणि ते आश्वासन मागेही घेता येते. वेगवेगळ्या कंपन्यांची धोरणे शेजारी ठेवून वाचली, तर फरक तत्त्वांचा कमी आणि कमाईच्या वाटांचा जास्त दिसतो. वाड्याच्या ज्या दारातून पैसा आत येतो त्या दारावर पहारा असतो, बाकी वाडा बऱ्यापैकी मोकळा सोडलेला असतो.

डूम आणि ड्यूक

खेळाडूंनी गेमच्या फाइली उचकटून पाहणे जुनेच आहे, पण त्यासाठी कंपनीनेच सोय करून ठेवली ती डिसेंबर १९९३ मध्ये आलेल्या ‘डूम’मध्ये. ‘इड सॉफ्टवेअर’च्या ‘वुल्फेन्स्टाइन थ्रीडी’ (१९९२) या आधीच्या गेममध्ये बदल करायचे तर मूळ फाइलींवरच नवे काही चढवावे लागे. ‘डूम’मध्ये कंपनीचे प्रोग्रामर जॉन कारमॅक यांनी नकाशे, चित्रे आणि आवाज इंजिनापासून, म्हणजे गेम चालवणाऱ्या मूळ प्रोग्रामपासून, वेगळे काढून ‘वॅड’ नावाच्या फाइलींत ठेवले. मूळ गेमला धक्का न लावता वेगळी वॅड फाइल जोडली की नवी पातळी खेळता येऊ लागली.

या उदारपणाला एक अट होती. ‘डूम’चा पहिला भाग फुकट वाटला जाई आणि पुढचे भाग विकत घ्यावे लागत. खेळाडूंनी केलेल्या पातळ्या फक्त विकत घेतलेल्या प्रतीवरच चालाव्यात, असे कंपनीने बजावले. कारण उघड आहे. फुकटच्या भागावर शेकडो नव्या पातळ्या चालल्या असत्या, तर उरलेला गेम विकत कोणी घेतला असता? कंपनीने १९९७ च्या अखेरीस ‘डूम’चा सोर्स कोडही खुला केला, पण तोवर त्या इंजिनाचा बाजार सरला होता.

नियमांना न्यायालयाचे बळ मिळाले ते ‘ड्यूक न्यूकेम थ्रीडी’च्या (१९९६) खटल्यात. या गेमसोबत ‘बिल्ड’ नावाचा संपादक, म्हणजे पातळ्या घडवायचा प्रोग्राम, दिला होता. पातळ्या करा, वाटा, पण फुकटच द्या, अशी परवान्यातली अट होती. ‘मायक्रो स्टार’ नावाच्या कंपनीने इंटरनेटवरून ३०० पातळ्या गोळा केल्या आणि ‘न्यूक इट’ नावाच्या सीडीवर घालून विकायला काढल्या. प्रकाशक ‘फॉर्मजेन’शी तिचा खटला उभा राहिला. मायक्रो स्टारचा युक्तिवाद बिनतोड वाटावा असा होता. नकाशाच्या फाइलीत मूळ गेमचे एकही चित्र नसते. कुठे कोणते चित्र लावायचे याची फक्त यादी असते, आणि चित्रे खेळाडूच्या संगणकावर आधीपासून असतात. अमेरिकेच्या नवव्या सर्किटच्या अपील न्यायालयाने १९९८ मध्ये हे म्हणणे फेटाळले. त्या यादीतून पडद्यावर उमटणारे दृश्य नेमके ठरते, आणि त्यात ड्यूकच्याच साहसांची पुढची कथा सांगितली जाते. पुढचे भाग काढण्याचा अधिकार मूळ कथेच्या मालकाचा, असे न्यायालयाने ठरवले. ज्या खेळाडूंनी त्या ३०० पातळ्या खपून केल्या, ते या खटल्यात पक्षकारही नव्हते. त्यांच्या मेहनतीवर दोन कंपन्या भांडल्या आणि निकाल कुणाच्याही बाजूने लागला असता तरी त्यांच्या पदरात काही पडणार नव्हते.

याच न्यायालयाने १९९२ मध्ये निन्टेन्डोविरुद्ध ‘गेम जिनी’च्या बाजूने कौल दिला होता. ते उपकरण खेळताना तात्पुरते आकडे बदलत असे, मागे टिकणारी फाइल ठेवत नसे. एवढ्याशा फरकावर दोन निकाल दोन दिशांना गेले.

पैशाचा प्रश्न

मॉड फुकट वाटावा हा नियम जवळपास सगळीकडे आढळतो. गंमत अशी, की फुकट मॉडमुळे मूळ गेम खपतो हे कंपन्यांना पक्के ठाऊक असते. ‘काउंटर-स्ट्राइक’ १९९९ मध्ये ‘हाफ-लाइफ’चा मॉड म्हणून सुरू झाला. तो खेळायला ‘हाफ-लाइफ’ विकत घ्यावा लागे. ‘हाफ-लाइफ’ काढणाऱ्या ‘व्हॉल्व्ह’ने भांडण काढले नाही. २००० मध्ये हक्क विकत घेतले आणि मिन ली व जेस क्लिफ या दोन्ही कर्त्यांना कंपनीत घेतले. हीच कंपनी पुढे ‘हाफ-लाइफ’चा चाहत्यांनी नव्याने घडवलेला अवतार ‘ब्लॅक मेसा’ विकू देण्याइतकी सैल राहिली. मॉड विकला गेला तरी तो तिच्याच ‘स्टीम’ या ऑनलाइन दुकानातून विकला जाणार होता, ही गोष्ट इथे विसरता येत नाही.

फुकटाची प्रथा मोडायचा सर्वांत गाजलेला प्रयत्न याच दुकानात झाला. ‘स्कायरिम’च्या मॉडची सशुल्क विक्री २३ एप्रिल २०१५ रोजी सुरू झाली. किमतीतले २५ टक्के मॉड करणाऱ्याला, ३० टक्के व्हॉल्व्हला आणि ४५ टक्के प्रकाशक ‘बेथेस्डा’ला, अशी वाटणी होती. खेळाडू भडकले. दुसऱ्याचा मॉड आपल्या नावाने विकायला ठेवल्याच्या तक्रारी लगेच सुरू झाल्या. एकमेकांच्या कामावर बिनदिक्कत कामे रचणाऱ्या मंडळींत हिशेबाची भाषा शिरली. चार दिवसांत योजना गुंडाळली गेली आणि ग्राहकांना पैसे परत मिळाले. बेथेस्डाने मात्र कल्पना सोडली नाही. २०१७ मध्ये ‘क्रिएशन क्लब’ आणि २०२३ च्या अखेरीस ‘क्रिएशन्स’ या नावांनी ती परत आणली, या वेळी स्वतःच्या दाराआड, निवडक लोकांशी करार करून.

‘द सिम्स ४’बाबत प्रकाशक ‘ईए’ने २०२२ च्या उन्हाळ्यात काढलेला तोडगा अधिक व्यवहारी आहे. मॉड विकायचा नाही. पण देणगी देणाऱ्यांना तो काही काळ आधी देता येतो, पुढे सर्वांसाठी मोकळा करायचा. हा काळ ‘वाजवी’ असावा, एवढेच धोरण म्हणते. वाजवी म्हणजे किती, यावर वाद चालूच आहेत.

रॉकस्टारचा उलटसुलट प्रवास

प्रकाशक कसा विचार करतो हे पाहायचे तर ‘ग्रँड थेफ्ट ऑटो’ (जीटीए) ही मालिका काढणारी ‘रॉकस्टार’ आणि तिची पालक कंपनी ‘टेक-टू’ यांच्याइतके बोलके उदाहरण नाही. या मालिकेतल्या ‘सॅन अँड्रियस’मध्ये एक लैंगिक दृश्य बंद करून ठेवले होते, पण कोडमधून काढले नव्हते. २००५ मध्ये ‘हॉट कॉफी’ या मॉडने ते उघडले. कंपनीने आधी बाहेरच्या हॅकरांवर खापर फोडले. अमेरिकेतील मानांकन मंडळाने जुलैमध्ये गेमला ‘फक्त प्रौढांसाठी’ असा शिक्का दिला, मोठ्या दुकानांनी तो मांडणीवरून उतरवला, आणि नंतरच्या आवृत्तीत मॉड करणे मुद्दाम अवघड केले गेले. मॉडमधल्या मजकुराला आम्ही जबाबदार नाही, असे कलम परवान्यांत इतक्या ठळकपणे का असते, याचे उत्तर या प्रकरणात सापडते.

जून २०१७ मध्ये टेक-टूने ‘ओपनआयव्ही’ या बहुतेक मॉडसाठी लागणाऱ्या साधनाच्या कर्त्यांना नोटीस दिली. ‘जीटीए ५’च्या स्टीमवरील पानावर नापसंतीच्या शेऱ्यांचा पाऊस पडला. दोनतीन आठवड्यांत रॉकस्टारने निवेदन काढले : पीसीवरचे, एकट्याने खेळायचे, बिनव्यापारी आणि इतरांच्या मालकीला हात न लावणारे प्रकल्प असतील, तर टेक-टू सहसा कायदेशीर कारवाई करणार नाही. सूट कशाला नाही, याची यादी अधिक वाचनीय होती. ऑनलाइन खेळ, ऑनलाइन खेळावर परिणाम करू शकतील अशी साधने, दुसऱ्या कुणाची किंवा रॉकस्टारच्याच दुसऱ्या गेमची सामग्री, आणि, नंतर भर पडली ते, नवे गेम, कथा, मोहिमा वा नकाशे. शेवटच्या दोन अटींचा अर्थ असा, की कंपनी उद्या जे पुन्हा विकू शकते ते आज चाहत्यांनी करू नये. पहिल्या दोन अटींचा अर्थ ‘जीटीए ऑनलाइन’मधल्या आभासी पैशांच्या विक्रीत आहे. २०२१ मध्ये ‘जीटीए ३’ आणि ‘व्हाइस सिटी’चा कोड उलगडून नव्याने लिहिणाऱ्या चाहत्यांवर कंपनीने खटला भरला. त्याच वर्षी या जुन्या गेमची नवी आवृत्ती तिने बाजारात आणली.

‘फाइव्हएम’चे प्रकरण याच्या नेमके उलट गेले. खेळाडूंना स्वतःचे सर्व्हर चालवू देणाऱ्या या मॉडच्या कर्त्यांची खाती रॉकस्टारने २०१५ मध्ये बंद केली होती. तिथे पोलीस, टॅक्सीवाले, चोर अशा भूमिका वठवणारे रोलप्ले सर्व्हर वाढले. त्यांचे थेट प्रक्षेपण लाखो लोक पाहू लागले. भारतातही असे सर्व्हर जोरात चालतात. नोव्हेंबर २०२२ मध्ये कंपनीने अशा सर्व्हरना अटींवर मुभा दिली : क्रिप्टो, एनएफटी, लूट बॉक्स (आत काय निघेल ते न कळता विकत घ्यायच्या पेट्या), जाहिरातदारांची नावे असले काही नको. ऑगस्ट २०२३ मध्ये तिने फाइव्हएम करणारा चमूच विकत घेतला.

मालकी कोणाची?

‘डोटा’ हा ‘वॉरक्राफ्ट ३’च्या संपादकात तयार झालेला नकाशा. तो हौशी लोकांच्या हातून हातात जात वाढला. ‘वॉरक्राफ्ट’ काढणाऱ्या ‘ब्लिझर्ड’ने त्याकडे विशेष लक्ष दिले नाही. त्यातूनच ‘लीग ऑफ लेजंड्स’ची प्रेरणा निघाली, आणि त्याचा शेवटचा सांभाळकर्ता आइसफ्रॉग व्हॉल्व्हकडे गेला. नावावरून झालेले भांडण मे २०१२ मध्ये तडजोडीने मिटले, पण ‘डोटा २’ झाला तो व्हॉल्व्हचाच. हा घाव ब्लिझर्ड विसरली नाही. जानेवारी २०२० मध्ये ‘वॉरक्राफ्ट ३ : रीफोर्ज्ड’ आला तेव्हा धोरणात स्पष्ट लिहिले होते, की खेळाडूंनी केलेले सर्व नकाशे ही ब्लिझर्डची एकमेव मालमत्ता, आणि कर्त्याने आपले नैतिक हक्कही (कर्ता म्हणून नाव लागणे, कृतीची मोडतोड रोखणे) सोडून द्यायचे. पुढचा ‘डोटा’ निसटू नये म्हणून टाकलेले हे कलम. एवढ्या अटी वाचून पुढचा ‘डोटा’ तिथे कोण करील, हा प्रश्न धोरण लिहिणाऱ्यांना पडला नसावा.

‘मोजांग’चा ‘माइनक्राफ्ट’ याच्या दुसऱ्या टोकाला आहे. जावा आवृत्तीसाठी तुम्ही शून्यापासून केलेला मॉड तुमचा, असे तिचा करार म्हणतो. तो विकायचा नाही आणि त्यात कंपनीच्या कोडचा मोठा भाग असता कामा नये. २०१४ मध्ये सर्व्हर चालवून पैसे घेणाऱ्यांवर तिने बंधन घातले. शोभेच्या वस्तू विका, पण पैसे देणाऱ्याला खेळात वरचढ करू नका, हा त्याचा गाभा. मुलांना महागड्या तलवारी विकल्या जात असल्याच्या पालकांच्या तक्रारी त्यामागे होत्या. त्याच वर्षी नियम कंपनीवरही उलटला. बहुतेक सर्व्हरचा आधार असलेल्या ‘बुकिट’ प्रकल्पाची मालकी मोजांगकडे होती. पण एका योगदात्याने कॉपीराइटची नोटीस देऊन त्याच्या मुख्य प्रोग्रामचे वितरण बंद पाडले. त्याचे म्हणणे असे, की आपला कोड खुल्या परवान्याखाली आहे आणि तो मोजांगच्या बंदिस्त कोडशी जोडून वाटता येत नाही.

देशोदेशी

जपानमध्ये लेखकाच्या कृतीची अखंडता राखण्याच्या हक्काला मोठे वजन आहे. ‘तोकिमेकी मेमोरियल’ या ‘कोनामी’च्या गेममध्ये नायकाचे गुण हवे तसे वाढवून देणारी मेमरी कार्डे विकली गेली. त्यामुळे कथा अभिप्रेत चौकटीबाहेर जाते, म्हणून हा हक्कभंग आहे, असे तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने १३ फेब्रुवारी २००१ रोजी ठरवले. युरोपीय संघाच्या न्यायालयाने ‘सोनी’विरुद्ध ‘डेटेल’ खटल्यात १७ ऑक्टोबर २०२४ रोजी वेगळा सूर लावला. कोडला हात न लावता मेमरीतले बदलते आकडे तेवढे बदलले, तर संगणक प्रोग्रामच्या संरक्षणाच्या निर्देशाचा भंग होत नाही.

कन्सोलवर, म्हणजे गेम खेळायच्या खास यंत्रावर, मालक दोन असतात : एक गेमचा, एक यंत्राचा. ‘सोनी’ने प्लेस्टेशन ४ वर ‘स्कायरिम’ आणि ‘फॉलआउट ४’च्या मॉडना परवानगी दिली, पण बाहेरून आणलेली चित्रे वा आवाज वापरण्यास मनाई केली. ‘एक्सबॉक्स’वर तशी अट नव्हती. कधी एकाच गेमच्या दोन मालकांचे मतही जुळत नाही. मार्च २०२५ मध्ये ‘स्टारड्यू व्हॅली’त ‘बाल्डर्स गेट ३’ची पात्रे आणणारा मॉड ‘बाल्डर्स गेट’चे हक्क असलेल्या ‘विझार्ड्स ऑफ द कोस्ट’ने नोटीस देऊन उतरवला. ‘बाल्डर्स गेट ३’ बनवणाऱ्या ‘लॅरियन’चे प्रमुख स्वेन व्हिंके यांनी त्याच मॉडचे कौतुक केले होते. थोड्याच दिवसांत नोटीस मागे घेतली गेली.

भारताच्या कॉपीराइट कायद्यात (१९५७) मॉडचे नाव नाही. कलम ५२ प्रोग्रामची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला ती ज्या कामासाठी घेतली त्यासाठी रूपांतर करू देते. कलम ५७ लेखकाला, कॉपीराइट विकल्यावरही, कृतीच्या विकृतीविरुद्ध दाद मागू देते. पण कलम ५२ ने मोकळीक दिलेल्या प्रोग्रामच्या रूपांतराला तो अडवू शकत नाही, असे परंतुक त्याच कलमात आहे. ही सूट खाजगी वापरापुरती कामाची आहे, मॉड वाटायला नाही.

मराठी मुलांच्या फोनवर या नियमांची गाठ पडते ती वेगळ्याच ठिकाणी. ‘मालेओ’ या इंडोनेशियातील कंपनीचा ‘बस सिम्युलेटर इंडोनेशिया’ खेळाडूंना स्वतः घडवलेली गाडी आत घालू देतो, आणि तिथे एसटीच्या लाल बसचे मॉड हौसेने केले जातात. गाडी घालायला गेम कंपनीची मुभा आहे. तिच्या बाजूवर रंगवलेले बोधचिन्ह मात्र राज्य परिवहन महामंडळाचे, आणि ते वापरू देणे मालेओच्या हातात नाही.