नाइस (इंग्रजी विशेषण)

नाइस : ‘छान’, ‘चांगला’, ‘सुखद’, ‘मनमिळाऊ’ अशा अर्थांनी वापरले जाणारे इंग्रजी विशेषण. हवा, कपडे, माणूस, कल्पना, कशालाही ते चालते. वापरून वापरून गुळगुळीत झालेला हा शब्द सातशे वर्षांपूर्वी कोणाला लावला असता, तर त्याने तो अपमान समजला असता.

मूळ लॅटिन शब्द ‘नेस्कियुस’. ‘ने’ म्हणजे न आणि ‘स्कीरे’ म्हणजे जाणणे. थोडक्यात, न जाणणारा. घडण अगदी आपल्या ‘अज्ञ’ या शब्दासारखी. ‘सायन्स’ आणि ‘कॉन्शन्स’ हे इंग्रजी शब्दही याच ‘स्कीरे’पासून आले, म्हणजे ज्ञान आणि अज्ञान या भाषेत एकाच घरचे. जुन्या फ्रेंचमध्ये ‘अज्ञ’चा ‘मूर्ख, भोळसट’ झाला आणि त्याच अर्थाने 1300च्या सुमारास शब्द इंग्रजीत उतरला. चौदाव्या शतकात चॉसरच्या लेखनात तो मूर्ख याच अर्थी भेटतो. तेव्हा उच्चार ‘नीस’च्या जवळचा होता; पुढे इंग्रजीतील दीर्घ स्वर बदलले आणि त्याचा ‘नाइस’ झाला. फ्रान्समधील नीस शहराशी मात्र याचा काही संबंध नाही; ते नाव ग्रीक ‘निकाया’वरून पडले. स्पॅनिशमध्ये नेस्कियुसचाच वंशज ‘नेसियो’ आजही मूर्खालाच म्हणतात.

मूर्खापासून छानपर्यंतची वाट सरळ नाही, पण प्रत्येक पाऊल समजण्यासारखे आहे. मूर्ख माणूस उधळ्या, छचोर वागतो. छचोर माणूस नटतो, नखरे करतो. नखरेलाला कपड्यांत आणि खाण्यात हे नको, ते नको असते. पंधराव्या-सोळाव्या शतकांत नाइसच्या अर्थांचा असा घोळका झाला : नखरेल, लाजाळू, नाजूक, चोखंदळ. यातला ‘चोखंदळ’ हा अर्थ कळीचा. चोखंदळपणा कपड्यांत दिसला की लोक नावे ठेवतात, पण विचारात आणि कामात दिसला की तोच गुण ठरतो. तिथून नाइस ‘काटेकोर, सूक्ष्म’ झाला. या काळातील कित्येक वाक्यांत लेखकाला नेमका कोणता अर्थ हवा होता, हे कोशकारांनाही सांगता येत नाही. शेक्सपिअरच्या ‘रोमिओ अँड ज्युलिएट’मध्ये रोमिओला न पोचलेले पत्र ‘नाइस’ नव्हते असे धर्मगुरू म्हणतो, ते ऐकून आजचा वाचक गोंधळतो. तिथे अर्थ आहे ‘क्षुल्लक’.

1755 साली सॅम्युएल जॉन्सनने आपला कोश प्रसिद्ध केला, तेव्हा त्याने नाइसचा पहिला अर्थ बारकाईने अचूक निवाडा करणारा असा दिला. ‘सुखद, मनाजोगा’ हा अर्थ रूढ झाला अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात, आणि ‘प्रेमळ, दुसऱ्याचा विचार करणारा’ हा एकोणिसाव्या शतकात. नाजूक, निवडक वस्तू आवडते, म्हणून आवडणारे ते सगळे नाइस, असा हा शेवटचा टप्पा असावा. जेन ऑस्टिनच्या ‘नॉर्थँगर ॲबी’ या कादंबरीत (1817च्या अखेरीस प्रसिद्ध) नायक हेन्री टिलनी याच सैलपणाची थट्टा करतो. नायिका एका पुस्तकाला नाइस म्हणते, आणि तो दिवसही नाइस, फिरायला जाणेही नाइस असे म्हणत तिला चिडवतो. त्यानंतर शाळांतील मास्तरांनी निबंधांत हा शब्द दिसला की तो खोडण्याचा परिपाठ ठेवला. शब्द काही हटला नाही. बोलताना नेमकेपणा नको असतो तेव्हा असाच शब्द हवा असतो, हे मास्तर विसरले.

जुना काटेकोरपणा पुरता गेलेला नाही. ‘नाइस डिस्टिंक्शन’ म्हणजे छान फरक नव्हे, तर सूक्ष्म फरक; भाषांतरकार इथे हमखास घसरतात. ‘नायसिटी’ या नामातही बारकावा, तपशील हा अर्थ टिकून आहे. ‘नाइस अँड वॉर्म’ अशा जोडीत त्याला स्वतःचा अर्थ फारसा उरत नाही, तो उबेला दुजोरा देतो. उपरोधाने ‘हा नाइस घोळ घातलास’ असेही म्हणतात; मराठीत ‘शहाणाच आहेस’ म्हणताना जे होते तेच.

भाषाशास्त्रात अशा चढत्या बदलाला अर्थोत्कर्ष म्हणतात. संस्कृतात अविचारी, बळजोरीच्या कृत्यालाही लावला जाणारा ‘साहस’ मराठीत कौतुकाचा झाला, तो याच जातीचा. उलट वाट ‘सिली’ या इंग्रजी विशेषणाने धरली. जुन्या इंग्रजीत तो सुखी, धन्य माणसाला लावत. मग तो निष्पापाला, मग बापड्या दुबळ्याला लागू झाला, आणि सोळाव्या शतकात, नाइस मूर्खपणातून बाहेर पडत असतानाच, सिली तिथे येऊन बसला.