सनमायका पावसाळ्यातच का फुगतो?

ठाण्यात किंवा ऐरोली-घणसोलीत जुलैमध्ये फर्निचरचं काम काढलं, की महिन्याभरात कपाटाच्या कडेला सनमायका फुगतो आणि बोल सुताराला लागतो. पुष्कळदा त्याचा हात चांगलाच असतो. काम बिघडवते ती खाडीकाठची हवा.

गोंद चिकटतो तो रेणूंमधल्या आकर्षणानं. हे आकर्षण नॅनोमीटरभर अंतरावरही जवळपास संपतं, म्हणून गोंद आधी पातळ होऊन पृष्ठभागावर पसरावा लागतो आणि मग घट्ट व्हावा लागतो. मध्ये धूळ, तेल किंवा पाण्याचा थर आला, की तो त्या थरालाच चिकटतो.

सनमायकासाठी वापरतात ते रबरी सोल्युशन म्हणजे द्रावकात विरघळवलेलं कृत्रिम रबर, बहुधा निओप्रीन. ते प्लाय आणि सनमायका दोन्हींवर लावून साधारण १०-१५ मिनिटं थांबायचं. बोट टेकवल्यावर तार सुटली नाही, की दोन्ही थर एकमेकांवर दाबायचे. रबराच्या रेणूंच्या लांब साखळ्या एकमेकींत गुंततात. गोम या थांबण्यातच आहे. द्रावक उडताना उष्णता ओढून घेतो आणि थर गार पडतो. हवा २८ अंशांवर असून आर्द्रता ८५ टक्के असेल, तर दवबिंदू, म्हणजे ज्या तापमानाला हवेतल्या बाष्पाचं पाणी होऊ लागतं तो, सुमारे २५ अंश. म्हणजे थर जेमतेम तीन अंशांनी गार झाला तरी त्यावर दव धरतं. त्याच तापमानाला आर्द्रता ४० टक्के असती, तर दवबिंदू १३ अंशांच्या आसपास राहिला असता आणि ही भानगडच उद्भवली नसती.

थर दुधाळ दिसू लागला, तर त्यावर पाणी बसलंय असं समजावं. तसाच दाबला तर साखळ्या गुंतत नाहीत. थर पुन्हा पारदर्शक होईपर्यंत थांबावं. तोवर फार वाळला तर वरून पातळ हात मारावा. हीटगन लावून घाई करू नये, द्रावकाची वाफ पेट घेते. प्लाय आदल्या दिवशीच एसीच्या खोलीत आणून ठेवलेला बरा, पण सोल्युशन लावताना खिडक्या उघड्याच हव्यात.

पांढऱ्या फेव्हिकॉलची अडचण निराळी. पाण्यात तरंगणारे पॉलिव्हिनाइल अ‍ॅसिटेटचे बारीक कण पाणी निघून गेल्यावर एकमेकांत मिसळतात आणि सलग पापुद्रा तयार होतो. लाकूड हे पाणी शोषून घेतं, म्हणून जोड छान बसतो. पण प्लाय आधीच ओलसर असेल तर पाणी जाणार कुठे? अशा दिवसांत शिकंजा नेहमीच्या दुप्पट वेळ ठेवावा. दोन पत्रे एकमेकांना जोडायला हा गोंद मुळीच घेऊ नये. मधला भाग कित्येक दिवस ओलाच राहतो.

फेव्हिक्विकला मात्र ओलावा हवाच असतो. त्यातलं सायनोअ‍ॅक्रिलेट घट्ट होण्याची सुरुवात पृष्ठभागावरच्या पाण्याच्या अंशानं होते. नळीत ते होऊ नये म्हणून किंचित आम्ल घातलेलं असतं. एकच थेंब पातळ पसरावा. जाड थर आतून कच्चा राहतो आणि दमट हवेत जोडाभोवती पांढरी भुकटी जमते. नळी फ्रिजमध्ये ठेवली असेल, तर ती खोलीच्या तापमानाला आल्यावरच उघडा, नाहीतर दव आत शिरतं. सुती कापडावर तर हा गोंद सांडू नयेच. इतका तापतो की चटका बसतो.

तडकलेली बादली यातल्या कशानंच चिकटत नाही, तिथे हवेचा दोष नाही. बादलीच्या प्लास्टिकची, म्हणजे पॉलिथिन आणि पॉलिप्रॉपिलीनची, पृष्ठीय ऊर्जा (पृष्ठभागाची दुसऱ्या पदार्थाला ओढून धरण्याची ताकद) इतकी कमी, की गोंद पसरायच्या ऐवजी थेंब धरतो. बादली बदला.

राहिलं ओट्याच्या फटी बुजवायचं सिलिकॉन. व्हिनेगरसारखा वास येणारं सिलिकॉन हवेतल्या बाष्पानं बाहेरून आत, दिवसाला साधारण २-३ मिलिमीटर घट्ट होतं, त्यामुळे पावसाळा त्याला मानवतो. मात्र त्यातून निघणारं अ‍ॅसेटिक आम्ल संगमरवर खातं. ओट्याला संगमरवर असेल, तर दुकानात ‘न्यूट्रल’, म्हणजे हे आम्ल न सोडणारं, सिलिकॉन मागावं.